गवंड्याच्या पायाला 42 टक्के अपंगत्व, निवाड्यात धरलं 14 टक्के. वाढीव भरपाईसाठी हायकोर्टात अपील करावं का?

प्रश्न : वारणाकाठ

नमस्कार. माझ्या दिरांच्या अपघात दाव्याचा निकाल लागला आहे आणि रक्कम फारच कमी वाटते. अपील करण्यात अर्थ आहे का आणि केलं तर कोणत्या मुद्द्यांवर, हे जाणकारांनी सांगावं. निकालपत्र समोर ठेवूनच लिहिते आहे.

दीर गवंडीकाम करतात. अपघात जून 2021 चा, तेव्हा वय 34. ते मोटारसायकलवर होते. समोरून ओव्हरटेक करत आलेला ट्रक त्यांच्या बाजूला घुसला. गुन्हा ट्रकचालकावर दाखल आहे, दोषारोपपत्रही त्याच्यावरच. उजव्या मांडीचं आणि नडगीचं हाड मोडलं. मांडीत रॉड आहे, नडगीला प्लेट. गुडघा साठ अंशांच्या पुढे वाकत नाही, पाय 3 सेंटिमीटर आखूड झाला. सिव्हिल हॉस्पिटलच्या बोर्डाचा दाखला उजव्या पायाच्या 42 टक्के कायम अपंगत्वाचा आहे. डॉक्टरांची साक्षही झाली.

दावा 10 लाखांचा होता. निवाडा असा :

कमाईचं भावी नुकसान : महिना 9,000 × 12 × 16 × 14 टक्के = 2,41,920
औषधोपचार : 1,87,600 (बिलं 3,12,400 ची होती. आरोग्य विम्यातून 1,24,800 मिळाले म्हणून तेवढे वजा केले.)
उपचारकाळातली बुडालेली मजुरी, 3 महिने : 27,000
वेदना व त्रास : 30,000
आहार व प्रवास : 10,000
एकूण : 4,96,520

त्यातून 20 टक्के, म्हणजे 99,304 रुपये, दिरांचाही निष्काळजीपणा म्हणून कापले. कारण काय, तर हेल्मेट नव्हतं आणि लायसन्सची मुदत संपलेली होती. हातात 3,97,216 आणि अर्जाच्या तारखेपासून 6 टक्के व्याज.

निकाल 9 मार्चला लागला. नकलेचा अर्ज 16 मार्चला केला, नक्कल 2 एप्रिलला तयार झाली. विमा कंपनीच्या वकिलांकडून निरोप आहे की लोकअदालतीत बसा, 25,000 वाढवून देतो, विषय मिटवून टाकू. पश्चिम महाराष्ट्रातलं जिल्हा ठिकाण आहे. अपील मुंबईत करायचं की कोल्हापूरला?

उत्तर : निशाणी_नंबर

ताई, आधी एक गोष्ट. लोकअदालतीच्या कुठल्याही पुरसीसवर (न्यायालयात द्यायच्या लेखी निवेदनावर) दिरांची सही होऊ देऊ नका. लोकअदालतीतली तडजोड म्हणजे विधी सेवा प्राधिकरण कायदा 1987 च्या कलम 21 खालचा अंतिम निवाडा. त्यावर अपील नाही. 25,000 घेतले की वाढीव भरपाईचा रस्ता कायमचा बंद होतो.

आता मुदत. मोटार वाहन कायदा 1988 च्या कलम 173 प्रमाणे निवाड्याच्या तारखेपासून 90 दिवस. 9 मार्च सोडून मोजलं की नव्वदावा दिवस 7 जून. नक्कल मिळायला लागलेला वेळ त्यात वाढवून मिळतो : 16 मार्च ते 2 एप्रिल, दोन्ही दिवस धरून 18. म्हणजे 25 जून. हे 18 दिवस नकलेच्या मागच्या शिक्क्यावरून मोजले जातात. तिथे अर्जाची तारीख, नक्कल तयार झाल्याची तारीख आणि दिल्याची तारीख अशा तीन तारखा असतात. तयार झालेली नक्कल घ्यायला उशिरा गेलात तर ते मधले दिवस तुमच्या खात्यावर पडतात. तरी 25 जून ही शेवटची तारीख म्हणून डोक्यात ठेवू नका, 7 जूनच्या आत अपील दाखल होईल असं बघा.

मुदत चुकली तरी सबळ कारण दाखवून विलंबमाफीचा अर्ज करता येतो आणि जखमींच्या बाबतीत न्यायालयं सहसा उदार असतात. पण माफी देताना विलंबाच्या काळाचं व्याज नाकारतात, हे नेहमी दिसतं. शिवाय त्या अर्जाची नोटीस, त्यावरची सुनावणी यात मूळ अपील मागे राहतं ते वेगळंच.

वादातली रक्कम एक लाखाच्या खाली असेल तर अपील चालत नाही. 2019 च्या दुरुस्तीनं ही मर्यादा दहा हजारांवरून एक लाख झाली. तुमच्या प्रकरणात ती अडचण येणार नाही.

कुठे करायचं? कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांपैकी असाल तर मुंबई उच्च न्यायालयाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच. ते 18 ऑगस्ट 2025 पासून चालू आहे. पुणे जिल्हा असेल तर मुंबई.

उत्तर : हिशेब_पडताळणी

निवाड्यात तीन चुका अशा आहेत की त्यांच्यासाठी नवा पुरावा लागत नाही, कायद्याचा मुद्दा मांडला की पुरे. त्या आधी घ्या, कारण अपिलाचा भक्कम पाया त्याच आहेत.

पहिली : भावी उत्पन्नवाढ धरलेलीच नाही. प्रणय सेठी निकालानं (2017, घटनापीठ) स्वतःचा धंदा किंवा ठरावीक मजुरी असणाऱ्यांसाठी वय 40 च्या आत 40 टक्के, 40 ते 50 मध्ये 25 टक्के, 50 ते 60 मध्ये 10 टक्के वाढ ठरवून दिली. तो मृत्यूच्या दाव्यातला निकाल, जखमीला लागू नाही, असं बरीच वर्षं सांगितलं जायचं. पप्पू देव यादव वि. नरेशकुमार (2020) मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ते स्पष्टपणे खोडलं. कायम अपंगत्व आलेल्या जखमीलाही ही वाढ मिळते. तुमचा 2,41,920 चा आकडा फक्त या एका दुरुस्तीनं 3,38,688 होतो.

दुसरी : आरोग्य विम्याची वजावट. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठानं 28 मार्च 2025 ला निकाल दिला आहे की मेडिक्लेमची रक्कम अपघात भरपाईतल्या औषधोपचाराच्या खर्चातून वजा करता येत नाही. तो विमा दिरांनी स्वतः हप्ते भरून घेतला होता, त्याचा फायदा ट्रकच्या विमा कंपनीला कसा मिळेल? पूर्णपीठाचा निकाल राज्यातल्या सगळ्या न्यायाधिकरणांवर (अपघात दावे चालवणाऱ्या न्यायालयांवर) बंधनकारक आहे. 1,24,800 परत जोडा.

तिसरी : 20 टक्के कपात. सहभागी निष्काळजीपणा म्हणजे अपघात घडायला, किंवा निदान ती विशिष्ट इजा व्हायला, जखमीच्या वागण्याचा हातभार लागला पाहिजे. मोडलं मांडीचं हाड. डोक्यावर हेल्मेट असतं तर ते वाचलं असतं का? लायसन्सचंही तेच. ते नसणं हा दंडाचा विषय झाला, पण तेवढ्यावरून निष्काळजीपणा सिद्ध होत नाही, हे सुधीरकुमार राणा (2008) मध्ये आलं आहे. एका गाडीवर तिघं बसले होते एवढ्यावरूनही तो धरता येत नाही, असं मोहम्मद सिद्दीकी (2020) सांगतो. घटनास्थळ पंचनामा काढा आणि ट्रक थांबला ती जागा, टायरच्या खुणा, काचांचे तुकडे रस्त्याच्या कोणत्या बाजूला आहेत ते बघा. सगळं दिरांच्या बाजूला असेल आणि ट्रकचालक साक्षीला पिंजऱ्यात उभाच राहिला नसेल, तर ही कपात टिकायला नको.

या तीन दुरुस्त्या करून, बाकी एकही आकडा न हलवता :

3,38,688 + 3,12,400 + 27,000 + 30,000 + 10,000 = 7,18,088

म्हणजे 3,97,216 च्या जागी 7,18,088. फरक 3,20,872, वर व्याज. अपील करावं का, याचं उत्तर मला तरी इथेच मिळतं.

गुणांक, म्हणजे वयानुसार वर्षाच्या कमाईला ज्यानं गुणतात तो 16 चा आकडा, बरोबर आहे, त्याला हात लावू नका. सरला वर्मा (2009) च्या तक्त्यात 31 ते 35 वयाला 16 च आहे. वय अपघाताच्या दिवशीचं धरतात, निकालाच्या दिवशीचं नाही.

उत्तर : साक्षीपुरावा

वरचे तीन मुद्दे सोपे आहेत. खरा पैसा 14 टक्क्यांत अडकला आहे, आणि तिथेच बहुतेक अपिलं नीट मांडली जात नाहीत.

42 टक्के हे पायाचं अपंगत्व आहे. न्यायाधिकरणानं त्याचा एक तृतीयांश काढून संपूर्ण शरीराचं 14 टक्के धरलं आणि तोच आकडा कमाईच्या नुकसानीला लावला. हेच चुकलं. राजकुमार वि. अजयकुमार (2010) मध्ये सर्वोच्च न्यायालयानं क्रम घालून दिला आहे. अपंगत्वामुळे माणूस कोणत्या हालचाली करू शकतो आणि कोणत्या नाही, हे आधी ठरवा. मग अपघातापूर्वीचा त्याचा धंदा, कामाचं स्वरूप आणि वय बघा. शेवटी विचारा : तेच काम तो पूर्वीसारखं करू शकतो, कमी प्रमाणात करू शकतो, की अजिबात नाही? यातून जो आकडा येतो तो कमाईच्या नुकसानीचा. शरीराच्या अपंगत्वाचा आकडा त्याच्याहून कमी किंवा जास्त असू शकतो. निकालातलंच उदाहरण आहे : डावा हात तुटलेला ड्रायव्हर किंवा सुतार शंभर टक्के कमाई गमावू शकतो, आणि तीच इजा झालेल्या सरकारी कारकुनाची नोकरी टिकून राहू शकते.

आता गवंड्याचं काम डोळ्यांसमोर आणा. जोत्याची पहिली थरं आणि फरशी बसवणं उकिडवं बसून चालतं, त्याला गुडघा पूर्ण दुमडावा लागतो. दिरांचा साठ अंशांवर अडतो. गिलाव्याला परांचीवर चढायचं, दोन फळ्यांवर तोल धरून उभं राहायचं, एका हातात थापी आणि दुसऱ्या हातात मालाची पाटी. पाय 3 सेंटिमीटर आखूड असलेल्या माणसाला कुठला कंत्राटदार परांचीवर चढवेल? उरतं ते कमरेच्या उंचीचं वीटकाम आणि किरकोळ दुरुस्ती. याचा अर्थ शंभर टक्के नुकसान असा नाही. पण 14 टक्के तर मुळीच नाही.

सय्यद सादिक (2014) मध्ये भाजीविक्रेत्याचा उजवा पाय कापावा लागला होता. हायकोर्टानं 65 टक्के धरलं होतं, सर्वोच्च न्यायालयानं ते 85 केलं. तिथे पायच गेला होता, म्हणून तो आकडा तुम्हाला लागू होणार नाही, पण विचाराची पद्धत उपयोगी आहे.

डॉक्टरांच्या जबानीची नक्कल काढून ओळ न ओळ वाचा. शोधायचं ते हे :

सरतपासात (आपल्या वकिलानं घेतलेल्या जबानीत) गुडघ्याची हालचाल अंशांत नोंदली आहे का, की नुसतं «हालचाल मर्यादित» असं म्हटलंय?
उकिडवं बसणं, मांडी घालणं, शिडी चढणं, वजन उचलणं यांचा उल्लेख आहे का?
उलटतपासात «अर्जदार हलकी कामं करू शकतो हे खरं आहे» असं वाक्य आहे का?

हे तिसरं वाक्य जवळपास प्रत्येक विमा कंपनीचा वकील काढून घेतो आणि न्यायाधिकरण त्यावर टेकतं. त्याला उत्तर असं : हलकी कामं करता येतात म्हणजे गवंडीकाम करता येतं असं नव्हे. कुशल कारागिराला वॉचमनच्या पगारावर आणून ठेवलं तर मधला फरक हेच त्याचं नुकसान. अपील मेमोमध्ये (अपिलाच्या लेखी अर्जात) हा मुद्दा स्वतंत्र परिच्छेदात, निशाणी क्रमांक (पुराव्याच्या कागदाला न्यायालयानं दिलेला नंबर) आणि जबानीच्या परिच्छेदाच्या उल्लेखासह हवा. «अपंगत्व कमी धरले आहे» एवढंच मोघम वाक्य टाकून दिलेली मेमो मी वाईट मेमो म्हणेन.

उत्तर : दावा_विभाग

विमा कंपनीच्या बाजूची फाइल कशी वाचली जाते ते सांगतो, म्हणजे अपेक्षा जमिनीवर राहतील.

वर राजकुमारचा दाखला दिलाय तो बरोबर. पण त्याच प्रकरणात शेवटी काय झालं तेही वाचा. डाव्या पायाचं अपंगत्व 45 टक्के होतं. न्यायालयानं संपूर्ण शरीराचं 25 धरलं आणि कमाईचं नुकसान 20. तुमच्या 42 शी हे फार जवळचं आहे आणि आमच्या बाजूचा वकील नेमकं हेच वाचून दाखवणार. फरक एकच, तो माणूस फिरता विक्रेता होता आणि दीर अंगमेहनतीचे कुशल कारागीर आहेत. तो फरक पुराव्यातून दिसला तर 25 ते 35 टक्क्यांच्या दरम्यान अपेक्षा ठेवायला हरकत नाही. 60–70 ची स्वप्नं कोणी दाखवत असेल तर ऐकू नका.

उत्पन्नाचा मुद्दा नाजूक आहे. 9,000 का धरले ते निकालपत्रात बघा. कंत्राटदाराचा दाखला दिला आणि कंत्राटदाराला साक्षीला आणलं नाही, असंच बहुधा असेल. ज्यानं सही केली तो उलटतपासाला समोर आला नाही तर त्या कागदाला किंमत राहत नाही. पण कागद नाही म्हणून वाटेल तो आकडाही लावता येत नाही. चंद्रा वि. मुकेशकुमार यादव (2021) मध्ये सर्वोच्च न्यायालयानं म्हटलंय की उत्पन्नाचा पुरावा नसेल तेव्हा किमान वेतनाचा आधार घेता येतो, पण तो शेवटचा शब्द नाही. थोडा अंदाज करावाच लागतो, फक्त त्याला वास्तवाचा धरबंध हवा. 2021 मध्ये कुशल गवंड्याची मजुरी दिवसाला 350 नव्हती हे कोणत्याही न्यायाधीशाला पटेल. महिन्याचे 25–26 दिवस धरू नका, पावसाळ्यातले खाडे वजा करून बोला. 12,000 हा आकडा वादात टिकेल असा आहे.

आणखी एक धोका ध्यानात असू द्या. तुमच्या अपिलाची नोटीस मिळाल्यापासून एक महिन्यात विमा कंपनी क्रॉस ऑब्जेक्शन टाकू शकते, म्हणजे मिळालेली रक्कमही कमी करा असं म्हणू शकते. तुमच्या निवाड्यात कमी करण्यासारखं फारसं काही नाही, त्यामुळे भीती नाही. पण वकिलांना हा प्रश्न जरूर विचारा.

उलट बाजूही माहीत असावी. कंपनीनंच आधी अपील केलं आणि तुम्ही गप्प बसलात, तर रंजना प्रकाश (2011) प्रमाणे तुम्ही मिळालेली रक्कम राखण्यासाठी कोणताही मुद्दा मांडू शकता, पण वाढ मागता येत नाही. पुढे सुरेखा प्रकरणात (2020) सर्वोच्च न्यायालयानं म्हटलं की योग्य भरपाई काढून झाल्यावर, केवळ क्रॉस अपील नाही म्हणून ती नाकारू नये. त्या उदारतेवर विसंबून राहण्यापेक्षा स्वतःचं अपील वेळेत टाकलेलं केव्हाही बरं.

वारणाकाठ

सगळ्यांचे मनापासून आभार. कंत्राटदाराबद्दलचा अंदाज अगदी बरोबर आहे, त्यांना साक्षीला आणलंच नव्हतं. दिरांकडे बांधकाम कामगार मंडळाचं नोंदणी कार्ड आहे, 2019 पासूनचं, पण ते दाव्यात दाखलच केलं नाही. आता देता येईल का? मांडीतला रॉड काढायचं ऑपरेशन डॉक्टरांनी सांगितलंय, त्याचे पैसे निवाड्यात नाहीत. सहा महिने अंथरुणावर होते, सगळं सासूबाई आणि जाऊबाईंनी केलं, त्याचंही काही नाही. शिवाय अपील केलं तर मंजूर झालेले पैसे अडकतील का? घरात गरज आहे. आणि दावा 10 लाखांचाच होता, त्याच्या वर मागता येतं का?

उत्तर : हिशेब_पडताळणी

शेवटचा प्रश्न आधी. येतं. नागप्पा (2003) पासून कायदा स्पष्ट आहे : कलम 168 प्रमाणे न्याय्य भरपाई देणं हे न्यायालयाचं काम आहे, मागणीचा आकडा ही मर्यादा नाही. जास्तीच्या रकमेवरची कोर्ट फी तेवढी भरावी लागते. म्हणून सुरुवातीला अपिलाचं मूल्यांकन माफक ठेवतात आणि वाढ जास्त मंजूर झाली तर फरकाची फी नंतर भरतात. हे वकिलांशी बोलून ठरवा.

सुटलेल्या बाबी धरून वाजवी मागणी अशी मांडता येईल. उत्पन्न 12,000, त्यावर 40 टक्के वाढ, म्हणजे 16,800. वर्षाला 2,01,600. गुणांक 16 नं 32,25,600. त्याचे 30 टक्के 9,67,680. औषधोपचार 3,12,400. बुडालेली मजुरी 6 महिन्यांची 72,000. वेदना व त्रास 75,000. जगण्यातल्या सुखसोयी गमावल्याबद्दल 75,000. हे वेगळं शीर्ष आहे आणि तुमच्या निवाड्यात ते पूर्ण वगळलंय. शुश्रूषा 30,000, आहार व प्रवास 30,000, रॉड काढण्याचं ऑपरेशन 60,000. बेरीज 16,22,080.

यातले पहिले दोन आकडे सूत्रानं आणि बिलांनी येतात. बाकीचे न्यायाधीशांच्या विवेकाचे आहेत, त्यांत काटछाट होणार हे धरून चाला. अपंगत्व 25 टक्केच धरलं तर कमाईचं नुकसान 8,06,400 होतं आणि बेरीज 14,60,800 वर येते.

शुश्रूषा घरच्यांनी केली म्हणून ती फुकट ठरत नाही. सासूबाई किंवा जाऊबाई मजुरीला जात असतील आणि त्या काळात घरी बसल्या असतील तर ते नुकसान खरंच आहे. डिस्चार्ज कार्डावर «वजन टाकू नये, पूर्ण विश्रांती» असं किती आठवड्यांसाठी लिहिलंय ते बघा. तीन महिन्यांऐवजी सहा महिन्यांची मजुरी आणि शुश्रूषा मागायला तोच कागद लागतो.

व्याजही मेमोमध्ये आव्हान द्या. कलम 171 प्रमाणे दर न्यायालयाच्या विवेकावर आहे. 7 ते 9 टक्के दिलेले निकाल भरपूर सापडतील.

उत्तर : साक्षीपुरावा

कार्ड आणि ऑपरेशनबद्दल. अपिलात नवा पुरावा देण्यासाठी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 41 नियम 27 खाली स्वतंत्र अर्ज करावा लागतो. नुसता कागद मेमोला जोडून चालत नाही, तो वाचलाच जाणार नाही. अर्जात सांगावं लागतं की हा पुरावा आधी का देता आला नाही, किंवा योग्य निकालासाठी न्यायालयाला तो का लागेल.

कार्डाबाबत पहिलं कारण लंगडं आहे, कारण ते 2019 पासून घरातच होतं. दुसऱ्या कारणावर भर द्या. तो सरकारी मंडळाचा दस्त आहे, अपघाताच्या आधीचा आहे, त्याचा खरेपणा सहज तपासता येतो. नोंदणीसाठी आधीच्या वर्षात किमान 90 दिवस बांधकामावर काम केल्याचं प्रमाणपत्र लागतं, म्हणजे धंदा गवंड्याचा होता हे त्यातून सिद्ध होतं. उत्पन्न मात्र सिद्ध होत नाही. नूतनीकरणाच्या पावत्या असतील तर त्याही लावा.

ऑपरेशनचं वेगळं आहे. निकालानंतर ते झालं तर तो पुरावा आधी अस्तित्वातच नव्हता, त्यामुळे अर्ज मजबूत होतो. अंदाजपत्रक, नंतर बिलं, ऑपरेशनची नोंद, आधीचे आणि नंतरचे एक्स-रे, सगळं तारखेसह जपा. साक्षीत डॉक्टरांनी पुढच्या ऑपरेशनचा एका ओळीनं जरी उल्लेख केला असेल तरी नव्या पुराव्याशिवायही ही बाब मागता येते. म्हणून पुन्हा सांगतो, ती जबानी वाचा.

उत्तर : निशाणी_नंबर

पैसे अडकत नाहीत. कलम 168 प्रमाणे विमा कंपनीनं निवाड्यापासून 30 दिवसांत रक्कम जमा करायची असते. तुम्ही केलेल्या अपिलानं त्याला स्थगिती मिळत नाही. कंपनीनं अपील केलं तर तिला कलम 173 खाली 25,000 किंवा निवाड्याच्या निम्मी रक्कम, यातली जी कमी असेल ती, आधी भरावी लागते. ही अट पैसे देणाऱ्याला आहे, मागणाऱ्याला नाही. जमा झालेल्या रकमेसाठी न्यायाधिकरणात आधार, पॅन आणि पासबुकाच्या नकलेसह अर्ज द्या. काही भाग मुदत ठेवीत टाकायचा आदेश असेल तर उपचाराचं किंवा कर्जाचं कारण कागदानिशी देऊन ती आधी मोडून मागता येते. रक्कम जमाच केली नाही तर कलम 174 खाली वसुलीचा अर्ज. त्यात जिल्हाधिकाऱ्यांकडे प्रमाणपत्र जातं आणि जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली होते.

पैसे उचलताना अर्जात एक वाक्य घाला : «वाढीव भरपाईसाठी अपील करण्याचा हक्क राखून ही रक्कम स्वीकारत आहे.» कंपनीनं पुढे केलेल्या छापील पावतीवर «संपूर्ण व अंतिम» असे शब्द असतील तर ती सही न करता परत द्या.

खर्चाबद्दल. दिरांचं अपंगत्व 40 टक्क्यांच्या वर आहे. अपंग व्यक्तीला विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम 12 खाली मोफत वकील मिळतो, त्याला उत्पन्नाची अट आड येत नाही. उच्च न्यायालयाच्या विधी सेवा समितीकडे अपंगत्वाचा दाखला, आधार आणि निवाड्याची नक्कल घेऊन अर्ज करा. मुदत संपत आल्यावर नाही, आत्ताच. वकील नेमून यायला वेळ जातो. खासगी वकील लावणार असाल तर फी आकड्यात ठरवून लिहून घ्या. मिळणाऱ्या भरपाईत टक्केवारी ठरवणं वकिलांना बार कौन्सिलच्या नियमांप्रमाणे मनाई आहे, आणि जखमींची सगळ्यात जास्त लूट तिथेच होते.

कागद आत्तापासून गोळा करा : निवाड्याची प्रमाणित नक्कल, मूळ अर्ज, विमा कंपनीची लेखी कैफियत, सगळ्या जबान्या, निशाणी पडलेले दस्त. हायकोर्टाचं काम इंग्रजीत चालतं, त्यामुळे मराठी जबान्या आणि पंचनाम्याचं भाषांतर लागतं. ते तालुक्याच्या ठिकाणी करून घेतलं तर स्वस्त पडतं, पण नाव, तारीख आणि आकडे स्वतः ताडून बघा. भाषांतरात 42 चा 24 झाला तर तो निस्तरण्यात तारखा जातात.

दाखल झाल्यावर अपील दोन ठिकाणी अडतं. एक, कार्यालयानं काढलेल्या त्रुटी. पान अस्पष्ट, मुखत्यारपत्राची तारीख नाही, असल्या बारीक गोष्टी असतात, पण दिलेल्या मुदतीत दूर केल्या नाहीत तर अपील आपोआप निकाली निघतं. वकिलांकडून अपिलाचा स्टँप नंबर (दाखल करताना मिळणारा तात्पुरता नंबर) घ्या आणि हायकोर्टाच्या वेबसाइटवर पंधरवड्याला एकदा स्वतः बघत जा. दोन, ट्रकमालकाची नोटीस. तीन वर्षांपूर्वीच्या पत्त्यावर तो सापडत नाही, नोटीस परत येते आणि तारखा पडत राहतात. खालच्या न्यायाधिकरणात तो हजरच झाला नसेल, त्याच्याविरुद्ध एकतर्फी हुकूम झाला असेल, तर हायकोर्टातली नोटीस माफ करण्याचा अर्ज पहिल्याच तारखेला द्यायला सांगा. भरपाई देणारी विमा कंपनी समोर आहे, तेवढ्यावर सुनावणी होऊ शकते.